मुका सण

माझा थोरला भारी हुशार. वर्षभर इकडे फिरकत नाही, पण मुक्या सणाला न चुकता हजर. त्या दिवशी उजाडल्यापासून दिवस मावळेपर्यंत जो तोंड उघडेल, त्याचा आवाज डोंगर मावळतीला ओढून घेतो, तो थेट पुढच्या सणाला परत देतो. म्हणजे आई काही विचारायची नाही, आणि ह्याला काही सांगायला नको. शेजारीण खुणेनंच कौतुक करते, लेक असावा तर असा!

यंदाही आला. कुरकुरणाऱ्या दाराला तेल घातलं, मुकाट जेवला, ताट धुतलं. मी डोक्यावरून हात फिरवला, तर ह्याचं बोट खिडकीकडे. सूर्य कलला होता. मावळायच्या आत निघायचं होतं साहेबांना.

त्यानं बूट चढवले, तशी मी दारात आडवी आले.

"थांब."

तो पांढराफटक पडला. माझं तोंड दाबायला धावला. मी त्याचा हात बाजूला केला.

"भित्रा आहेस. आईच्या तोंडाला भितोस. आता वर्षभर ते बंद. कधीही ये, बाळा."