कसून पुसा

मुद्रितशोधकाने अर्जावरचा ‘डिलीट’ हा शब्द खोडला आणि त्याच्या डोक्यावर सुवाच्य अक्षरात ‘पुसावे’ असं लिहिलं.

“सर, तिथे नुसती टिक करायची असते,” ॲप कंपनीच्या खिडकीतली बाई म्हणाली.

“आपला धडधाकट शब्द असताना उसना कशाला?”

“बरं. काय काय पुसायचं?”

“सगळं. मी कुठे जातो, किती वेळ बसतो, सगळं. आणि सोमवारच्या आत.”

सोमवारपासून त्याच्या फोनमधलं पावलं मोजणारं ॲप घरच्यांना ‘आठवड्याचा नकाशा’ पाठवणार होतं. त्या नकाशात छापखाना कुठेच नव्हता. छापखान्याने त्याला चार महिन्यांपूर्वीच नारळ दिला होता आणि बायकोला याचा पत्ता नव्हता. तो रोज दहाच्या ठोक्याला डबा घेऊन निघायचा, वाचनालयात बसून छापील पुस्तकांतल्या चुका पेन्सिलीने सुधारायचा आणि सहाला दमून घरी यायचा. दमणं तेवढं खरं होतं.

“शब्द नवीन आहे,” बाई म्हणाली. “अर्ज वर पाठवते, साहेब बघतील.”

दुसऱ्या दिवशी शाळेतल्या बाईंचा फोन आला. तीस वर्षांनी.

“बाकाखाली लपायचास तोच ना रे तू? बरा आहेस ना?”

मग मामा. “भाचेबुवा, झोप लागते का? पोट साफ असतं ना?”

गुरुवारी तर खुद्द छापखान्याचा मालक. “राग नाही ना धरलास? सध्या काय करतोस?”

त्याला काही उमगेना. माहिती पुसली जात होती तसतशी माणसांना त्याची आठवण येत होती. यंत्रातून निघालेलं माणसांच्या डोक्यात जाऊन साचत असावं. विज्ञान हा काही त्याचा विषय नव्हता.

शुक्रवारी तो पुन्हा खिडकीवर गेला.

“पुसताय ना?”

“म्हणजे काय! चार माणसं लावलीत तुमच्यावर.”

“कुठवर आलं?”

“शाळेतलं झालं. मामांकडचं झालं. छापखान्यातलं काल उरकलं. फार चिवट हो, दोनदा पुसावं लागलं.”

“मामासुद्धा होते तुमच्याकडे?”

“तुमच्या फोनमधले सगळे नंबर आहेत की. तुम्हीच ‘मान्य आहे’ दाबलंत.”

“ते मी न वाचता दाबलं.”

बाईने अर्जावरचा ‘व्यवसाय’ हा रकाना पाहिला, मग त्याच्याकडे पाहिलं.

“वरवर नको हं,” तो घाईघाईने म्हणाला. “कसून पुसा. एकही सोडू नका.”

“सोडतोय कशाला! साहेब म्हणाले, इतका मोकळ्या मनाचा ग्राहक आजवर बघितला नाही. बाकीचे नुसते लपवालपवी करतात.”

हे वाक्य त्याला नीट लागलं नाही. पण कौतुक होतं, त्याने ठेवून घेतलं. मग काचेला नाक टेकवून आवाज खाली आणला.

“आणि घरचं? खरं तेच महत्त्वाचं आहे. बायको बाकी राहिली तर माझं काही खरं नाही.”

“त्यांचं आत्ताच घेतलंय. साहेब जातीने बघतायत.”

चार महिन्यांत पहिल्यांदा त्याने पोटभर श्वास घेतला. बाईचा हात हातात घ्यावा असं वाटलं, पण मध्ये काच होती. त्याने काचेलाच नमस्कार केला.

तेवढ्यात फोन वाजला. बायको होती.

“अहो, दारात टाय लावलेले चार गृहस्थ उभे आहेत. म्हणतात, तुम्हीच लेखी अर्ज दिलाय, सगळ्यांना पुसा म्हणून. आता मला पुसतायत, तुमचे मिस्टर रोज दहा ते सहा असतात तरी कुठे?”