शनिवारची खुर्ची

"आर्लीन, चार मैत्रिणींना माझं नाव सांग गं, म्हणजे पार्लर बाळसं धरेल!" वांडाचं एकोणीस वर्षांपूर्वीचं ते बोलणं आर्लीनच्या कानात अजून घुमत होतं. डुलूथ शहरातल्या चर्चमध्ये बायका तिचे केस न्याहाळून विचारायच्या, "कुणाकडे कापतेस गं?" आर्लीन भलतंच काही सांगून वेळ मारून न्यायची.

आज, नेहमीच्या शनिवारी, वांडाने तिच्या केसांतून शेवटचा कंगवा फिरवला. "उद्यापासून कुलूप, बाई. एकीनं दुसरीला माझं नाव सांगितलं नाही. माझ्या हातातच कला नसेल."

आरशातल्या वांडाच्या नजरेला आर्लीनला नजर देववेना.

शेवटी आर्लीन म्हणाली,

"हात सोन्याचा आहे गं तुझा. गर्दी झाली तर माझी शनिवारची खुर्ची जाईल, म्हणून विचारेल तिला मीच सांगत आले, 'घरीच कापते.'"