घरची मोजणी

वैजयंतीला स्थापत्य सोडून गाणं शिकायचं होतं. नियम सरळ होता: विद्यापीठानं यंत्रातून मेंदूत भरलेलं गणित परत करायचं, मगच अभ्यासक्रम बदलायचा. त्याविरुद्ध तिनं न्यायालयात दाद मागितली.

"गणिताबरोबर आकडेही जातील, त्याला इलाज नाही," विद्यापीठाचे वकील सुनावणीत म्हणाले.

"मग मी ताल कसा धरू, आई?" वैजयंती कुजबुजली.

मालतीबाई ताडकन उठल्या. "अहो वकीलसाहेब, आकडे तुमचे कसे? मी लाख वाती वाहण्याचं व्रत धरलं होतं, तेव्हा वाती वळता वळता ही पोर मोजायला शिकली. चार वर्षांची होती!"

"पुरावा?" न्यायाधीशबाईंनी विचारलं.

मालतीबाईंनी पिशवीतून कापूस काढला. कारकुनानं वैजयंतीच्या डोक्याला मेंदू दाखवणाऱ्या यंत्राच्या तारा लावल्या. तेरा सतरे किती, असं विचारताच पडद्यावर विद्यापीठानं भरलेला भाग निळा उजळला. मग ती वाती वळत मोजू लागली आणि निळा भाग चक्क विझला. दुसरीकडेच, खोल कुठेतरी, केशरी ठिपका लखलखला!

"हे घरचं आहे, याला हात लावायचा नाही," न्यायाधीशबाई म्हणाल्या. "अभ्यासक्रम बदलायला परवानगी..."

"थांबा हं, बाईसाहेब!" मालतीबाईंनी हात जोडले. "एकशेआठ होईपर्यंत मध्ये बोलू नये. आत्ताशी नव्वद झाल्यात."

न्यायाधीशबाईंनी पेन खाली ठेवलं आणि सगळं न्यायालय श्वास रोखून मनात मोजू लागलं.