कोरे तळहात

स्वयंपाकघराचं दार बंद होतं आणि आत मायलेकी पोट धरधरून हसत होत्या. विनोदवीर बाहेर उभा. कान दाराला, उजव्या हातात बॉलपेन, डावा तळहात तयार.

टीव्हीवरच्या मालिकेत तो स्वतःचीच भूमिका करायचा. तेच नाव, तोच चष्मा, फक्त खऱ्यापेक्षा दसपट बावळट. घरात कुणी काही बोललं की हा तळहातावर लिहून घ्यायचा, आणि पुढच्या आठवड्यात ते टीव्हीवर. शिंकायचीही चोरी!

मागच्या वर्षी लेक डेंटिस्टच्या परीक्षेत नापास झाली तेव्हा त्याच्या खांद्यावर डोकं ठेवून म्हणाली होती, "बाबा, मला काहीच जमत नाही." मालिकेतली लेक तेच वाक्य बोलली आणि लोक खो खो हसले. तेव्हापासून बाबाशी बोलणं म्हणजे "हो", "नाही", "दार लाव". आता ती पास झाली होती, आज दवाखान्यातला पहिला दिवस होता, आणि त्या दिवसाची हकीकत तिच्याच तोंडून ऐकायला याचा जीव तुटत होता.

त्यानं हातातल्या पेनाकडे पाहिलं. मेली सवय! पेन शेजारच्या कुंडीतल्या मातीत खुपसलं आणि स्वतःच्याच स्वयंपाकघराचं दार वाजवलं.

हसणं थांबलं. दार किलकिलं झालं.

"हात दाखव," लेक म्हणाली.

त्यानं दाखवले. तिनं उलटसुलट करून पाहिले. बाही वर सारून मनगटंही पाहिली.

"ये."

तो ओट्याला टेकून उभा राहिला. लेक आईकडे बघूनच पुढं सांगू लागली. "तर त्या काकांच्या तोंडात दातांच्या मापाचा साचा बसवला, आणि ते उठून पळालेच! साच्यासकट! मी मागे. ते बसमध्ये चढले, मीही चढले. कंडक्टर विचारतोय, कुठं जायचं? काका म्हणतात, 'आँऽऽ'. तर तो म्हणतो, ही बस तिथं जात नाही!"

विनोदवीर हसला. टीव्हीवरचं गडगडाटी हसणं नव्हे. चिरकं, उचकी लागल्यासारखं. चष्मा काढून डोळे पुसायची वेळ आली.

"आई, बाबा असा हसतो?"

"लग्नाआधी असाच हसायचा गं," बायको म्हणाली.

तेवढ्यात त्याचा फोन वाजला. मालिकेचा लेखक. त्याचा खणखणीत आवाज साऱ्या स्वयंपाकघराला ऐकू गेला. "सर, उद्याचा भाग अडलाय हो! घरचं काहीतरी द्या. काहीही चालेल."

लेकीचा चेहरा पडला. बायकोनं उगाचच गॅस बारीक केला.

"नाही रे," विनोदवीर म्हणाला. "आज आमच्या घरात काही म्हणजे काहीच घडलं नाही."

त्यानं फोन बंद करून खिशात टाकला. लेकीनं पायानंच स्टूल त्याच्याकडे सरकवलं.

"बैस की," ती म्हणाली. "काका अजून बसमध्येच आहेत."