कठड्यावरचे तीन वेढे

"मले नाही पाहाचं ते," म्हणत प्रभावतीबाईंनी तोंड फिरवलं. मैत्रेयीने लॅपटॉप पुन्हा त्यांच्यापुढे सरकवला. हट्टात मायलेकी सारख्याच, हे मारेगावात सगळ्यांना ठाऊक होतं.

मारेगावची पोरगी बुडालेल्या जहाजांवर माहितीपट करते म्हटलं की लोक हसायचे. इथून समुद्र कुठे आणि ती कुठे! हसू देत. बारा वर्षांत तिने नऊ माहितीपट केले, सगळे दुसऱ्यांच्या जहाजांवर. दहावा तिच्या वडिलांच्या जहाजावर होता.

तिचे वडील बाबाराव त्या जहाजावर स्वयंपाकी होते. बावीस वर्षांपूर्वी वादळात ते बुडालं. जहाजावरच्या होडीतून सात जण वाचले. होडी उतरवायचं यंत्र तर बंद पडलं होतं, मग ती खाली आली कशी? "आपोआप घसरली," सातही जणांनी चौकशीत सांगितलं. आणि स्वयंपाकी? "पिऊन झोपला होता." तसंच लिहिलं गेलं. ज्या माणसाने जन्मात थेंब घेतला नाही, त्याच्या बायकोने बावीस वर्षं टोमणे ऐकले. आठवलं की मैत्रेयीच्या अंगाचा तिळपापड होई.

आता पाणबुड्यांनी तळाशी जाऊन चित्रण आणलं होतं. तिने ते चाळीसदा पाहिलं, जाणकारांना दाखवलं. हाती काही लागलं नाही. पण हार मानेल तर ती मैत्रेयी कसली!

"आई, एक डाव पाह्य. मंग नाही म्हननार."

पडद्यावर गढूळ पाणी, गंजलेला कठडा, त्याला गुंडाळलेला नायलॉनचा दोर. प्रभावतीबाई नाइलाजाने पाहत होत्या. एकदम पुढे झुकल्या.

"थांबव. हे वेढे कोनं देले?"

"जाणकार म्हनतात, काहीतरी बांधलं असन."

"बांधलं नाही वं. माडीवरून कापसाचं गाठोडं खाली सोडतो, तवा कठड्याले असेच तीन वेढे देतो अन् दोराचं शेपूट हातात दाबून धरतो. वजन हळूहळू खाली जाते. तुह्या बाबानंच शिकवलं मले."

त्यांनी पडद्यावरच्या वेढ्यांवर बोट टेकवलं.

"म्हंजे होडी बाबानं खाली सोडली? ते जागे होते?" मैत्रेयीला रडू आवरेना. "मंग ते होडीत काहून नाही बसले?"

"कसे बसतीन, पोरी? हा दोर वरूनच सोडा लागते. सगळे उतरले, तरी एक जन वर राह्यतेच."