साइकाल मरते तेव्हा

साइकालची सगळी कारकीर्द विचित्र, बिनपैशांच्या सिनेमांत मरण्यात गेली. “पोटच्या पोरीचं मढं कोण बघेल?” म्हणत आईने एकही पाहिला नाही, की कधी चांगला शब्द काढला नाही. यंदा नारिन गावच्या क्लबात तिचा सिनेमा लागला, तेव्हा साइकालने म्हातारीला ओढून पुढे बसवलं. शेवटी पडद्यावरची साइकाल बर्फात मेली; दिग्दर्शकाने मुद्दाम सगळं निःशब्द ठेवलं होतं. म्हातारी ताडकन उठली. “निलाजऱ्यांनो, लेक गेली माझी, अन् एकीलाही कोशोक म्हणवत नाही?” “अगं आई, मी इथे आहे!” साइकाल कुजबुजली. “तू मेलीयेस, गप्प बस!” आईने कमरेवर हात ठेवले आणि गेलेल्याची थोरवी सांगणारं ते शोकगीत स्वतःच सुरू केलं. न पाहिलेल्या एकेका सिनेमाचं नाव त्यात आलं. मागच्या बायका सूर धरून रडल्या. साइकाल डोळे मिटून निमूट मेलेलीच राहिली.