काळ्या दोरीचा दगड

गुडघे धरल्यामुळे आजोबांनी आज पहिल्यांदाच झेन मंदिराची बाग माझ्यावर सोपवली. काळ्या दोरीने बांधलेला दगड वाटेत दिसला की पुढे जायचं नाही, हे आमच्या क्योतोत शेंबडं पोरही जाणतं. त्यापलीकडे आजोबांनी तीन वर्षं जपलेलं शेवाळ आहे. तेवढ्यात सहल आली. “दहाच मिनिटं हं! अजून चार मंदिरं उरलीत!” गाईडबाई झेंडा नाचवत ओरडल्या. एका काकांनी तो दगड उचलून प्रेमाने माझ्या हातात ठेवला. “कुणाचं तरी पार्सल राहिलंय बघ, पोरी.” वळून पाहते तर अख्खी सहल शेवाळावर! “काका, दगड म्हणजे आत जाऊ नका!” “मग तशी पाटी लावायची ना!” कसंबसं सगळ्यांना बाहेर काढलं, तर दारात दुसरी बस. मी दगडाची दोरी सोडून स्वतःच्या कमरेला बांधली आणि वाटेतच बसले. आता उचला म्हणावं!